गोलकीपर घडवताना क्रम कुठे चुकतो: मैदानापासून व्यावसायिक करारापर्यंत

मुलगा उंच आहे, पडायला घाबरत नाही, म्हणून त्याला गोलमध्ये उभं केलं. दोन महिन्यांत महागडे ग्लोव्ह्ज आले आणि पुढच्या रविवारी थेट कुठल्यातरी मोठ्या क्लबची ट्रायल. महाराष्ट्रात आणि गोव्यात बहुतेक घरांत हाच क्रम दिसतो, आणि तो उलटा आहे. ट्रायल हा या प्रवासातला जवळजवळ शेवटचा टप्पा. त्याआधीचे टप्पे वगळले की मुलगा १५ व्या वर्षी सुंदर डाइव्ह मारतो, पण बाजूने गोलसमोर उंच आलेला साधा क्रॉस पकडत नाही.

गोलकीपरचं गणित इतर खेळाडूंपेक्षा वेगळं असतं. मिडफिल्डरला शेवटची वीस मिनिटं तरी मिळतात. दुसऱ्या क्रमांकाचा कीपर आख्खा हंगाम बाकावर काढू शकतो. म्हणून पुढच्या प्रत्येक टप्प्यावर एकच आकडा पाहायचा: या हंगामात पहिल्या अकरात किती मॅच सुरू केल्या? वयाच्या १३ व्या वर्षानंतर हा आकडा २५ च्या आसपास असावा. १५ च्या खाली गेला, तर अकादमीचं नाव कितीही मोठं असो, काहीतरी बदलायला हवं.

## टप्पा १: कागद आधी, बूट नंतर

चांगल्या मुलांची संधी कागदांमुळे जाते तेव्हा जास्त वाईट वाटतं, कारण ती चूक सहज टाळता येते.

१. महापालिका, नगरपालिका किंवा ग्रामपंचायतीचा जन्मदाखला काढा. दाखला, आधार, शाळेचं बोनाफाइड आणि पासपोर्ट या सगळ्यांवर नावाचं स्पेलिंग, वडिलांचं नाव आणि जन्मतारीख अक्षर न् अक्षर सारखी हवी. जन्माची नोंद काही वर्षांनी केली असेल, तर जन्माच्या वेळचे हॉस्पिटलचे कागद जपून ठेवा. प्रश्न विचारले जातात.

२. क्लबकडून अखिल भारतीय फुटबॉल महासंघाच्या केंद्रीय नोंदणी प्रणालीत, म्हणजे सीआरएसमध्ये, नोंदणी करून घ्या. ‘नाव टाकलंय’ या शब्दावर थांबू नका, नोंदणी क्रमांक मागून घ्या.

३. जिल्हा, विभाग आणि राज्य पातळीवरच्या शालेय स्पर्धांची प्रमाणपत्रं स्कॅन करून एका फोल्डरमध्ये ठेवा. दहावी-बारावीचे क्रीडागुण आणि पुढे सरकारी नोकरीतलं खेळाडूंचं ५ टक्के आरक्षण, दोन्हीकडे हेच कागद लागतात.

सावधान: वय दीड-दोन वर्षांनी कमी दाखवण्याचा सल्ला देणारे भेटतील. महासंघाच्या वयोगट स्पर्धांत डाव्या हाताच्या आणि मनगटाच्या एक्स-रेवरून हाडांचं वय तपासतात. तिथे सापडलेला मुलगा बाहेर जातोच, शिवाय त्याच्या नावापुढे शंका कायमची चिकटते.

## टप्पा २: सामान, पण बेताचं

ग्लोव्ह्जचं माप असं घ्या: अंगठा सोडून, बोटांच्या मुळाशी तळव्याभोवती टेप गुंडाळा. जो इंच येईल तो पुढच्या पूर्ण आकड्यापर्यंत वाढवा आणि त्यात १ मिळवा. ७.२५ इंच आले तर ८, अधिक १, म्हणजे ९ नंबर. ‘पुढच्या वर्षीही होतील’ म्हणून दोन नंबर मोठे घेऊ नका. बोटांच्या टोकाशी लेटेक्स (तळव्यावरचा रबरी थर) मोकळं राहिलं की बॉल तिथूनच निसटतो.

जोड्या दोन लागतात. सरावाची स्वस्त आणि टिकाऊ तळव्याची, मॅचची मऊ लेटेक्सची. आपल्याकडच्या लाल मातीच्या, खडी उगवलेल्या मैदानावर मऊ लेटेक्स एका महिन्यात सोलून निघतं, त्यामुळे मॅचची जोडी सरावाला काढायचीच नाही. नवी जोडी वापरण्याआधी कोमट पाण्यात चोळून धुवा. मॅचआधी तळवे किंचित ओले करा. वापरून झाल्यावर साबणाशिवाय धुवा, सावलीत वाळवा आणि दोन तळवे एकमेकांना चिकटवून ठेवू नका. उन्हात किंवा बंद बॅगेत राहिलेलं लेटेक्स कडक होऊन तडकतं.

कठीण मैदानावर कमरेला आणि कोपराला पॅड असलेले कपडे ग्लोव्ह्जपेक्षा जास्त महत्त्वाचे आहेत. पैसे कमी असतील तर आधी पॅडची पँट घ्या. बूट दोन प्रकारचे: सुक्या मैदानाला आणि टर्फला आखूड, भरपूर स्टडचे, पावसाळी चिखलाला लांब स्टडचे.

## टप्पा ३: ८ ते १२ वर्षं – गोलमध्ये अर्धाच वेळ

या वयात पूर्णवेळ गोलकीपर करू नका. सराव आणि मॅच मिळून निम्मा वेळ तरी मुलगा मैदानात, पायाने खेळायला हवा. १९९२ पासून सहकाऱ्याने पायाने मुद्दाम दिलेला पास कीपरला हाताने घेता येत नाही, आणि २०१९ पासून गोल किक पेनल्टी एरियाच्या आतच सहकाऱ्याला देता येते. दोन्ही नियमांचा परिणाम एकच: कीपर हा मागून खेळ सुरू करणारा अकरावा खेळाडू झाला. ज्याचा कमजोर पाय १२ व्या वर्षापर्यंत तयार झाला नाही, त्याला १७ व्या वर्षी तो शिकवणं फार जड जातं.

भारतीय संघाचा गोलकीपर अमरिंदर सिंग सुरुवातीला पुढच्या फळीत खेळायचा; किशोरवयात तो गोलमध्ये आला आणि पुणे एफसीच्या अकादमीतून वर गेला. तेव्हा उशीर झाला म्हणून घाबरायचं कारण नाही.

बॉल ४ नंबरचा, गोल लहान. ७.३२ मीटर रुंद आणि २.४४ मीटर उंच गोलमध्ये दहा वर्षांच्या मुलाला उभं केलं की त्याच्या डोक्यावरून जाणारा प्रत्येक बॉल गोल होतो, आणि तो एकच गोष्ट शिकतो: रेषेला चिकटून उभं राहायचं. ही सवय पुढे मोडत नाही.

## टप्पा ४: हात, पाय आणि पडणं – याच क्रमाने

सर्वाधिक नुकसान या टप्प्यावर होतं. डाइव्ह दिसायला छान, म्हणून कोच तिथून सुरुवात करतात. खरा क्रम असा आहे.

पहिलं, उभं राहणं. किक बसते त्या क्षणी दोन्ही पाय जमिनीवर, खांद्याइतके फाकलेले, वजन पंजांवर, हात कमरेच्या उंचीवर शरीराच्या पुढे. लहान कीपरची सगळ्यात मोठी चूक म्हणजे किकच्या क्षणी चालत असणं. एक पाय हवेत असताना ढकलायला जमीनच नसते, मग लोक म्हणतात ‘रिफ्लेक्स कमी आहेत’. रिफ्लेक्स ठीक असतात, पाय चुकीच्या जागी असतात. पुढे सरकायचं ते बॉल प्रवासात असताना. समोरच्याने पाय मागे नेला की थांबायचं.

दुसरं, पकड. छातीच्या वरचा बॉल: दोन्ही अंगठे जवळजवळ टेकलेले, तळव्यांचा आकार इंग्रजी डब्ल्यूसारखा, पकड डोळ्यांच्या पुढे, कोपर किंचित वाकलेले. पोटाच्या उंचीचा बॉल: हात खालून घेऊन बॉल शरीराशी कवटाळायचा. जमिनीलगतचा: करंगळ्या जवळ, तळवे वर, एक गुडघा आडवा टाकून मागची फट बंद. खडबडीत मैदानावर ही गुडघ्याची भिंत वगळली, तर शेवटच्या क्षणी उसळलेला बॉल पायांमधून जातो.

पाच-सहा मीटरवरून हाताने बॉल टाकून ८ पकडींचे ४ सेट, मधे एक मिनिट विश्रांती. एवढं आठवड्यातून तीनदा पुरतं. चांगल्या पकडीचा आवाज दबका येतो. ‘फट्’ असा आवाज आला तर हात ताठ आहेत.

तिसरं, पडणं. बसून, मग गुडघ्यांवरून, मग उकिडवं, मग उभं राहून, मग पाऊल टाकून. प्रत्येक पायरीला किमान दोन आठवडे. उजवीकडे पडताना उजवं पाऊल तिरकं पुढे, साधारण ४५ अंशांत. जमिनीला टेकण्याचा क्रम: पोटरीची बाहेरची बाजू, मांडीची बाजू, कंबर, मग खांद्याची बाजू. एक हात बॉलच्या मागे, दुसरा वर, आणि जमीन हा तिसरा हात.

चुका ठरलेल्या आहेत:

- कोपर आधी टेकतो. खांद्यापर्यंत झटका जातो, शिवाय बॉल सुटतो.
- पोटावर पडतो. म्हणजे पाऊल आडवं पडलंय आणि खांदे फिरलेत.
- मागे, गोलच्या दिशेने पडतो. हाताला लागलेला बॉलही आत जातो.
- एकाच बाजूला छान पडतो. सराव मोजा, डावी-उजवी समान हवी, कमजोर बाजूला दोन जास्त.

महाराष्ट्रात आणि गोव्यात जून ते सप्टेंबर मैदान मऊ असतं. पडण्याचे नवे धडे तेव्हाच सुरू करा. एप्रिलच्या तापलेल्या मैदानावर सुरुवात केलेला मुलगा पडायला घाबरतो, आणि त्याचं खरंच बरोबर असतं.

पुढे जाण्याआधी तपासा: ओळीने १० बॉल, छाती ते गुडघा उंचीचे, दहा मीटरवरून मध्यम वेगाने. ९ हातात राहिले पाहिजेत. नाही राहिले तर उडी मारायचा सराव थांबवा आणि दुसऱ्या पायरीवर या.

सावधान: उंची झपाट्याने वाढते त्या वर्षी गुडघ्याच्या वाटीखालच्या हाडावर उंचवटा येऊन दुखू लागणं हे ओझ्याचं लक्षण आहे. उड्या कमी करा, पकड आणि पासिंग चालू ठेवा, आणि दुखणं राहिलंच तर ऑर्थोपेडिक डॉक्टरला दाखवा. मनगट दुखत असेल तर जवळून मारलेले जोरदार शॉट बंद. दातओठ खाऊन सराव केल्याने वाढीच्या हाडाची इजा बरी होत नाही.

## टप्पा ५: १३ ते १६ – निर्णय

आता ५ नंबरचा बॉल आणि पूर्ण गोल. या वयात गोल खाल्ले जातात ते बहुतेक निर्णय चुकल्यामुळे. क्रॉसला निघायचं की नाही, समोरासमोर आलेल्या फॉरवर्डवर कधी जायचं, बचावफळी किती वर असताना आपण किती पुढे उभं राहायचं, हे सगळं सरावाचे शंकू मांडून शिकता येत नाही. मॅच लागतात. म्हणून तो २५ चा आकडा.

क्रॉससाठी एक पद्धत घोटून घ्या: बॉलची उंची आणि वेग कळेपर्यंत थांबायचं, मग ‘कीपर!’ अशी हाक एकदाच, मोठ्याने, निघण्याआधी. आतल्या पायावर उडी, पुढचा गुडघा वर, पकड सर्वोच्च बिंदूला. गर्दीत पकडता येणार नाही असं वाटलं तर दोन मुठींनी, बाहेरच्या दिशेला. हाक न देता निघणं ही चूक आपल्याकडे फार दिसते, कारण मुलं वयाने मोठ्या डिफेंडरवर ओरडायला लाजतात. कोल्हापुरात शाहू स्टेडियमवर तालमींच्या मॅचमध्ये गॅलरीचा आवाज असा असतो की हळू हाक दिलेली कुणाला कळतही नाही. बोलण्याचाही सराव घ्या.

नवा नियम अंगवळणी पाडा: २०२५-२६ च्या हंगामापासून कीपरने बॉल हातात ८ सेकंदांपेक्षा जास्त धरला तर प्रतिस्पर्ध्याला कॉर्नर मिळतो, शेवटचे ५ सेकंद रेफ्री हात वर करून मोजतो. पेनल्टीला, किक बसते त्या क्षणी, एका पायाचा काही भाग तरी गोलरेषेवर, तिच्या सरळ वर किंवा तिच्या मागे हवा. जुन्या सवयीचे कोच अजून पुढे उडी मारायला शिकवतात.

## टप्पा ६: अकादमी निवडताना

नाव पाहून जाऊ नका. फोन करून हे पाच प्रश्न विचारा:

१. या वयोगटात सध्या किती गोलकीपर आहेत? तिघांपेक्षा जास्त असतील तर विचार करा.
२. गोलकीपर कोच आठवड्यातून किती दिवस प्रत्यक्ष येतात? त्यांच्याकडे गोलकीपिंगचं लायसन्स आहे का?
३. गेल्या हंगामात या गटाने किती स्पर्धात्मक मॅच खेळल्या, आणि दुसऱ्या कीपरला त्यांतल्या किती मिळाल्या?
४. महासंघाची अकादमी मान्यता आहे का, आणि युथ लीगमध्ये संघ उतरतो का?
५. निवासी असेल तर शाळा कोणती, आणि दुखापतीचा खर्च कोण करतं?

तिसऱ्या प्रश्नाला गुळमुळीत उत्तर आलं, तर बाकीची चार उत्तरं चांगली असूनही मी तिथे मूल पाठवणार नाही.

नवी मुंबईतली रिलायन्स फाउंडेशन यंग चॅम्प्स, भुवनेश्वरची फिफा आणि महासंघाची अकादमी, गोव्यातली सेसा अकादमी यांसारख्या निवासी ठिकाणी जागा मोजक्या, आणि त्यांतल्या कीपरच्या तर दोन-तीन. तिथे नाही लागला म्हणून वाट बंद होत नाही. जिल्ह्याची लीग, शाळांचा सुब्रतो कप, मुंबई फुटबॉल असोसिएशनच्या किंवा कोल्हापूर स्पोर्ट्स असोसिएशनच्या लीगमध्ये सातत्याने पहिला कीपर असणं हे मोठ्या अकादमीत तिसरा असण्यापेक्षा बरं.

आणि शाळा सोडू नका. पुणे एफसी २०१५ मध्ये संपली, डीएसके शिवाजीयन्स २०१७ मध्ये, एफसी पुणे सिटी २०१९ मध्ये. एकाच शहरात पाच वर्षांच्या आत तीन व्यावसायिक संघ गेले. २०२५ मध्ये तर खुद्द इंडियन सुपर लीगचा, म्हणजे आयएसएलचा, हंगाम वेळेवर सुरू झाला नाही.

## टप्पा ७: नोंदवही आणि व्हिडिओ

प्रत्येक मॅचनंतर एक ओळ लिहा: तारीख, प्रतिस्पर्धी, मैदान, मिनिटं, खाल्लेले गोल आणि प्रत्येक गोलचा प्रकार (आतून शॉट, लांबून शॉट, क्रॉस, कॉर्नर, समोरासमोर, आपल्याच पासची चूक). दहा मॅचनंतर एखाद्या प्रकाराखाली ढीग दिसेल. पुढचा महिना त्यावरच काम.

व्हिडिओसाठी मोबाइल गोलच्या मागे, शक्य तितका उंच आणि थोडा बाजूला लावा. क्लबला पाठवायची क्लिप ३ ते ४ मिनिटांची. सुरुवातीला नाव, जन्मसाल, उंची, जोरकस पाय. त्यानंतर क्रॉस, समोरासमोरचे प्रसंग, दोन्ही पायांचे पास, आणि शेवटी डाइव्ह. बहुतेक जण उलट करतात. दहा डाइव्ह आणि पार्श्वसंगीत. स्काउटला, म्हणजे क्लबसाठी खेळाडू हेरणाऱ्याला, डाइव्हच्या आधीचे दोन सेकंद पाहायचे असतात, आणि नेमके तेच कापलेले असतात. दोन पूर्ण मॅचचं न कापलेलं चित्रण तयार ठेवा, ते मागतात.

## टप्पा ८: ट्रायल

आदल्या दिवशी जोरदार सराव नको. बॅगेत दोन्ही जोड्या ग्लोव्ह्ज, दोन्ही बूट, पाण्याची बाटली, कागदांच्या प्रती. वेळेआधी ४५ मिनिटं पोहोचा, कारण कीपरला वॉर्म-अपसाठी कुणी वेगळा वेळ देत नाही. सोबत एक माणूस न्या, जो १५ मिनिटं बॉल टाकेल.

वीस मिनिटांच्या ट्रायल मॅचमध्ये हाताला तीन-चार बॉल येतील आणि पायाला त्याहून जास्त. म्हणून पहिला पास साधा आणि अचूक द्या. पकडता येणारा बॉल पकडा, उगाच उडी मारून बाहेर घालवू नका. गोल खाल्ला तर लगेच बॉल काढून पुढची हाक द्या. पाहणाऱ्यांची नजर त्या दहा सेकंदांवर असते. उंचीबद्दल स्पष्ट सांगायचं तर, वरच्या पातळीवर मुलांकडून ६ फुटांच्या आसपासची अपेक्षा असते. पण १४ व्या वर्षी उंचीवरून निकाल लावणारा कोच घाई करतोय.

सावधान: निवडीची हमी देऊन पैसे मागणारा माणूस दलाल असतो. ट्रायलची बातमी क्लबच्या अधिकृत खात्यावर दिसत नसेल तर जाऊ नका. ‘१५ व्या वर्षी युरोपच्या क्लबमध्ये साइन करून देतो’ हेही तसंच: फिफाच्या नियमांनुसार १८ वर्षांखालच्या खेळाडूची आंतरराष्ट्रीय बदली काही ठरावीक अपवाद सोडून होतच नाही. पैसे भरून केलेला परदेशातला कोर्स हा कोर्सच, करार नव्हे.

## टप्पा ९: १७ ते २१ – करार आणि बाक

वर जाण्याचे दरवाजे सध्या असे: रिलायन्स फाउंडेशन डेव्हलपमेंट लीग (२०२२ पासून), राज्याच्या वरिष्ठ लीग, आयएसएलखालच्या राष्ट्रीय लीग, राज्य संघासाठी संतोष ट्रॉफी. मुलींसाठी राज्य लीगमधून इंडियन विमेन्स लीग.

सही करण्याआधी:

१. मुदत पाहा. फिफाच्या नियमांत १८ वर्षांखालच्या खेळाडूचा व्यावसायिक करार ३ वर्षांपेक्षा जास्त नसतो.
२. मेडिकल सहीच्या आधी होतं. ‘मेडिकल पास झालं तरच करार लागू’ हे कलम चालत नाही.
३. पगाराची तारीख, राहणं-जेवण, दुखापतीचा उपचार आणि दुखापतीच्या काळातला पगार लेखी हवा.
४. दुसऱ्या क्लबकडे लोनवर, म्हणजे ठरावीक काळ उसना, पाठवण्याची तरतूद आहे का ते पाहा. कीपरसाठी हे कलम पगाराइतकंच महत्त्वाचं.
५. सही केलेली प्रत त्याच दिवशी घ्या.

एजंट असेल तर फिफाचं लायसन्स तपासा. अल्पवयीन खेळाडूशी तो बोलू शकतो ते पहिला व्यावसायिक करार करता येण्याच्या वयाआधी ६ महिन्यांपासूनच, आणि पालकांच्या लेखी संमतीनेच. लहान क्लबच्या कोचनाही सांगायचंय: १२ व्या वर्षापासूनची सीआरएस नोंद नीट ठेवा. मुलगा पुढे मोठा झाला तर प्रशिक्षणाचा मोबदला त्या नोंदीवरच मिळतो.

सही झाल्यावर बहुधा बाक येतो. गुरप्रीत सिंग संधू २०१४ मध्ये नॉर्वेच्या स्टाबेक क्लबमध्ये गेला आणि पहिली लीग मॅच खेळायला २०१६ उजाडलं. विशाल कैथ पुण्याच्या अकादमीतून शिलाँग लाजाँगकडे लोनवर गेला, तिथे खेळला, आणि पुढे मोहन बागानकडून आयएसएलचा २०२२-२३ चा गोल्डन ग्लोव्ह (सर्वोत्तम गोलकीपरचा पुरस्कार) घेतला. गोव्याचा लक्ष्मीकांत कट्टीमनी ३२ वर्षांचा होता, जेव्हा मार्च २०२२ मध्ये फातोर्ड्याच्या आयएसएल फायनलमध्ये त्याने शूटआउटला तीन पेनल्टी अडवल्या.

तेव्हा १९-२० व्या वर्षी तिसरा कीपर असाल, तर डिसेंबरमध्ये नोंदवही उघडून मॅच मोजा. पाचच्या आत असतील, तर जानेवारीची ट्रान्सफरची (क्लब बदलण्याची) खिडकी उघडण्याआधी व्यवस्थापनाशी बोला: राखीव संघात नियमित मॅच द्या, नाहीतर खालच्या लीगमध्ये लोनवर सोडा. हे बोलणं वडिलांनी फोनवर करू नये. खेळाडूने स्वतः, गोलकीपर कोचला सोबत घेऊन, नोंदवहीसकट करावं.